दोनशे चाळीस सोडवलेली उदाहरणे

१७ ऑगस्ट १९५३
अडीच महिने वहीला हात लावला नाही. क्षमा मागायची ती स्वतःचीच, मागितली. बी.एस्सी.चे फिजिक्स एकवीस वर्षांपूर्वी राहिले, ते ऑक्टोबरात काढायचे. हेडमास्तरांनी स्पष्ट सांगितले आहे की नापास झालो तर अकरावीचा शास्त्राचा वर्ग नंदिनी इंगळेकडे जाईल. ती माझीच जुनी विद्यार्थिनी, आता याच शाळेत शिकवते.
पुस्तकात २४० उदाहरणे, प्रत्येकाखाली रीत छापलेली. रोज चार. नियम: पंधरा मिनिटे स्वतः प्रयत्न केल्याशिवाय रीत पाहायची नाही.

२१ ऑगस्ट
आज दोन. पंधरा मिनिटे मी कोऱ्या कागदाकडे पाहतो, हे प्रामाणिकपणे नोंदवतो. पहिली ओळ पाहणे म्हणजे रीत पाहणे नव्हे. शब्दकोश उघडणाऱ्याला कोणी चोर म्हणत नाही.

२ सप्टेंबर
शाळेचे शिपाई मीरासाब वहीत डोकावून म्हणाले, मास्तर, उत्तर खाली छापलेलंच हाय की, मग घाम कशाला गाळताय. म्हटले, रीत समजून घ्यावी लागते. म्हणाले, मग समजली काय. घंटा झाली.

९ सप्टेंबर
उदाहरण ८३ चे उत्तर चुकीचे छापले आहे. प्रकाशकाला पत्र. चार मसुदे.

१३ सप्टेंबर
उत्तर बरोबर आहे. मी ग्रॅम आणि पौंड मिसळले होते. माफीचे पत्र टाकले. पाच दिवस गेले, पण ८३ पक्के.

२५ सप्टेंबर
आता रीत थेट सुवाच्य अक्षरात उतरवतो. प्रत्येक ओळ पटते. पटते म्हणजे येते. पत्नीने विचारले, वीस वर्षं माझ्या हातचा रस्सा ओरपताय, उद्या चूल तुमच्याकडं दिली तर जमंल का. उपमा शास्त्रीय नाही.

११ ऑक्टोबर
२४० पूर्ण. एकही चूक नाही.

१९ ऑक्टोबर
पेपर झाला. उतारावरचा ठोकळा आला. पान १११ आकृतीसकट डोळ्यांपुढे उभे राहिले. पुस्तकात तो खाली घसरतो, पेपरात वर ओढायचा होता. मी खाली घसरवला. अक्षर चांगले आले. पास होण्यास हरकत नसावी.

८ डिसेंबर
शंभरात एकोणीस.
नंदिनी भेटायला आली. म्हणाली, सर, तुम्ही गणित फळ्यावर लिहून खिडकीशी जाऊन उभे राहायचात, आमचं आम्हांला सोडवायला लावायचात, म्हणून तर मला आलं. मी खिडकीशी का जात असे, ते तिला सांगितले नाही.
उद्या: प्रयोगशाळेच्या कपाटाची किल्ली तिच्याकडे देणे.