मृगातला दुसरा तेजोमेघ

४ जानेवारी, सकाळ
आजपासून रोज पहाटे दोन ते चार गच्चीवर आकाशनिरीक्षण. ठरलं म्हणजे ठरलं. ही आठ दिवसांसाठी लेकीकडे गेली आहे, आज सव्वीस झाले. घर शांत. संशोधनाला अशीच शांतता लागते.

जाताना म्हणाली, तुम्हाला समोरचं माणूस दिसत नाही. दुसऱ्याच दिवशी दुकानात डोळे तपासून घेतले. बावीस वर्षं लोकांना चष्मे देतोय. दोन्ही डोळे ठणठणीत.

५ जानेवारी
गजर वाजला म्हणे. बंद कुणी केला कळलं नाही. घरात मी एकटाच. नवी वेळ : रात्री आठ ते नऊ. तारे तेच असतात.

८ जानेवारी
मृगातल्या तेजोमेघाचे चाळीस फोटो. एकोणचाळीस हलले. चाळिसाव्यात त्याच्या डावीकडे आणखी एक! पिवळसर, गोल, मऊ. कुठल्याच नकाशात नाही. नकाशे जुने झालेत.

९ जानेवारी
शोधाला हिचंच नाव देणार. कळलं की पहिल्या गाडीने येईल. फोटो नीट दिसावा म्हणून हिचा नवा चष्माही करून ठेवलाय. फोन केला. लेक म्हणाली, आई झोपलीय. संध्याकाळचे सात वाजले होते. दमत असेल बिचारी.

११ जानेवारी
खगोल मंडळाच्या चिटणिसांना फोटो दाखवला. त्यांनी विचारलं, जवळपास दिवा असतो का चालू? तो घालवून पुन्हा काढा. जळतो माणूस, दुसरं काय.

जिन्यातला दिवा असतो. पण हिला अंधारात पायऱ्या दिसत नाहीत, अचानक आली तर? शिवाय चोरांनाही धाक.

१४ जानेवारी
दुकानात गिऱ्हाईकाची तक्रार : रात्री चष्म्यात भलतीकडेच पिवळा गोळा दिसतो. नेहमीसारखं समजावलं, साहेब, ते दिव्याचं काचेतलं प्रतिबिंब, अँटी-ग्लेअर काच घ्या. त्याला लगेच पटलं.

डबा अर्धाच खाल्ला. पाणी प्यालो.

१५ जानेवारी
कॅमेऱ्याचा स्टँड जरा सरकवला. तेजोमेघही सरकला. योगायोग.

१७ जानेवारी
लेकीचा फोन. आईचा तो नवा चष्मा कुरियरने पाठवा. साड्याही पाठवा, सगळ्या. मी म्हटलं, ती येणारच आहे, मग कशाला? लेक पत्ताच सांगत राहिली. लाइन खराब असावी. मागून हिचा आवाज आला, त्यांना सांग वेळेवर जेवत जा. म्हणजे या वेळी जागी होती!

१८ जानेवारी, रात्री साडेआठ
साड्या बांधल्या. चष्मा मऊ कापडात गुंडाळला. सोबत फोटो घालायचा होता. म्हटलं, एकदा खात्री करावी. जिन्यातला दिवा घालवला, फक्त दोन मिनिटं. कॅमेरा टायमरवर लावला आणि टॉर्च घेऊन खालच्या पायरीवर उभा राहिलो. नेमकं तेवढ्यात कुणी आलं आणि अडखळलं तर?

फोटो स्वच्छ आला. एकही तारा हललेला नाही. मृगातला तेजोमेघ गुलाबी, अगदी पुस्तकातल्यासारखा. डावीकडे नुसता काळोख.

रडू आलं. इथे लिहायला हरकत नाही, वाचणारं कुणी नाही.

पार्सलमध्ये फोटो घातला नाही. दिवा परत लावलाय.