सात महिन्यांचं कुलूप

बाई,

आज रविवार, कंपनीला सुट्टी आहे. बायको मुलीला घेऊन माहेरी गेली आहे आणि खोलीत बांधलेली बोचकी पडली आहेत. उद्या टेम्पो येईल. आठ दिवस सामान धाटावच्या एका सोबत्याकडे ठेवायचं, खोली रिकामी दाखवायची, मग अकरा महिन्यांचा नवा करार करून त्याच खोलीत परत यायचं. रोह्यात राहायला आल्यापासून हे पाचव्यांदा. मालकीण मनाने वाईट नाही. तिचा नवरा कुवेतला असतो, त्याच्या पैशांतून या चार खोल्या उभ्या राहिल्या. या वेळी मी तिला म्हटलं, "भाभी, मुलीची परीक्षा तोंडावर आहे. सामान राहू द्या, करार तेवढा नवीन करू." ती म्हणाली, "तुमच्यावर इश्वास हाय माझा, कायद्यावर नाय. माझ्या मामूचा गाळा असाच गेला. माणूस एकदा बसला की उठत नाय." हे वाक्य मी लहानपणापासून आमच्या घरात ऐकलं आहे, फक्त तेव्हा बसलेलं माणूस म्हणजे तुम्ही होतात.

पेणचं आमचं घर तुम्हाला माहीत आहे, तरी पुन्हा लिहितो, म्हणजे माझ्याकडून काही सुटायला नको. रस्त्याकडच्या दोन खोल्या तुमच्या, मागचं स्वयंपाकघर आणि पडवी आमची. पडवीतच आमचा गणपतीचा कारखाना. आजोबांनी तुम्हाला खोल्या दिल्या तेव्हा तुम्ही शाळेत नव्याने लागला होतात, आणि तेव्हा ठरलेलं भाडं जवळजवळ तसंच राहिलं. कायद्याने दर वर्षी मिळणारी वाढ चहाच्या पुड्यात संपायची. तुम्ही निवृत्त झालात, पेन्शन सुरू झाली, आणि आमच्याकडे मात्र भाद्रपद संपला की पुढचे चार महिने उधारीवर. आमचे वडील, अण्णा, म्हणायचे, "कायदा गरिबासाठी केला म्हणतात. मग आपण कोण? सरकारनं हलवायाच्या घरावर तुळशीपत्र ठेवलं, आणि हलवाई मी." एकदा रागाने त्यांनी तुमचं भाडं घेणंच बंद केलं. तेव्हापासून तुम्ही मनिऑर्डर करू लागलात. पुढच्या दारातून निघालेले पैसे बाजारपेठेतल्या पोस्टातून फिरून मागच्या दारात यायचे. पोस्टमन सायकल भिंतीला टेकवून म्हणायचा, "बाईंनी नुसता हात लांब केला असता तरी पोचले असते. मला कशाला दमवता?" अण्णा न हसता "नाकारले" असं लिहून द्यायचे आणि पोस्टमन तोच कागद घेऊन पुढच्या दारात जायचा. त्या पावत्या तुम्ही एका तारेत ओवून ठेवल्या होत्या. भाडं थकलं असं कोणी म्हणू नये म्हणून.

छपराचंही तसंच. भाड्यात कौलं येत नाहीत म्हणून अण्णा शाकारणी करत नव्हते, आणि तुम्हाला घर सोडवत नव्हतं, गळतीखाली राहवतही नव्हतं. शेवटी तुम्ही स्वतःच्या पैशाने तुमच्या दोन खोल्यांवर पत्रे घातलेत. एकाच घराचं निम्मं छप्पर नवं आणि निम्मं जुनं झालं. पत्र्यांचा उतार मागे होता, त्यामुळे तुमचं पाणी आमच्या कौलांवर यायला लागलं. अण्णा म्हणाले, "बाईंनी आता पाऊसपण आमच्याकडं वळवला." तुम्ही ऐकलंत. दुसऱ्या दिवशी गवंड्याला बोलावून पन्हळ लावायला निघालात, तर अण्णांनी "माझ्या भिंतीला भोक पाडायचं नाही" म्हणून त्याला परत पाठवलं. दोघांचंही म्हणणं मला पटायचं, आणि मला ते फार जड जायचं. मी नववीत शाळा सोडली तेव्हा तुम्ही अण्णांशी भांडलात, आणि मग दुपारचा एक तास मला तुमच्या कोरड्या खोलीत बसवून शुद्धलेखन घालायला लागलात. मला फळा दिसत नव्हता हे सगळ्या शाळेत फक्त तुम्ही ओळखलं होतं. चष्मा तुम्हीच करून दिलात. त्या चष्म्यामुळे मी मूर्तीच्या डोळ्यांची आखणी शिकलो. आमच्या कारखान्यात माझ्याइतका सरळ हात कोणाचा नव्हता.

एकदा मीच शहाणपणा केला. तुम्ही वाल सोलत होतात. मी म्हटलं, "बाई, अण्णांना खोल्यांची गरज आहे. तुम्ही दुसरीकडे बघा ना." तुम्ही वालाची टोपली बाजूला सारलीत. "बघू? कुठे बघू, सांग. आज पेणात एकट्या बाईला खोली हवी म्हटलं तर आधी नवरा कुठे आहे विचारतील, मग जात, मग अनामत. भाडं कमी आहे म्हणून मी इथे राहत नाही रे. इथून मला कोणी ऊठ म्हणू शकत नाही, म्हणून राहते. आणि हे अण्णांनी तुला बोलायला लावलं असेल तर त्यांना सांग, माणूस मोठा पाठवा." मी उठून जायला लागलो तर म्हणालात, "बस. एक ओळ राहिली आहे." ती ओळ लिहूनच मला जावं लागलं.

मी एकोणीस वर्षांचा असताना, संक्रांतीच्या दुसऱ्या दिवशी, तुम्ही पिशवी घेऊन पडवीच्या दाराशी आलात. अण्णा हमरापूरला साचे आणायला गेले होते. तुम्ही म्हणालात, "रोह्याच्या बहिणीची उजवी बाजू गेली. तिचं करणारं कोणी नाही. किती दिवस लागतील सांगता येत नाही. अण्णांना सांग." मग हसून म्हणालात, "किल्ली मात्र देत नाही हं. रागावू नकोस." मी संध्याकाळी अण्णांना शब्द न् शब्द सांगितला. त्यांनी आणलेले साचे मोजून घेतले. पुढे महिने जात राहिले आणि पावसाळा लागला. त्या वर्षी ऑर्डरी जास्त होत्या. शाडू वाळत नव्हता, ओल्यावर दिलेला रंग फुगून निघत होता, आणि आम्ही प्लास्टिकखाली मूर्ती या कोपऱ्यातून त्या कोपऱ्यात हलवत होतो. भिंतीपलीकडे दोन कोरड्या खोल्या कुलूपबंद. आई एकदा त्या दाराकडे बघून म्हणाली, "देवाला भिजत ठेवून त्या कुलपाला सुकं ठेवलंय." तोवर अण्णा वकिलाकडे जाऊन आले होते. वाजवी कारण नसताना भाडेकरूने सलग सहा महिने जागा वापरली नाही तर मालकाला ती परत मागता येते, हे तेव्हा आम्हाला कळलं. वीजबिलाचे आकडे हलले नव्हते. कारण वाजवी होतं, पण ते माझ्या कानांत होतं, कागदावर नव्हतं.

ऑगस्टच्या सुरुवातीला तुमचा फोन आला. "बहीण आता काठी धरून चालते. गणपतीच्या आधी येते. दार बाहेरून पुसून ठेवशील?" मला बरं वाटलं. खरंच बरं वाटलं होतं. मी ते जेवताना सगळ्यांसमोर सांगितलं. अण्णांनी ताटात हात धुतला आणि उठले. दुसऱ्या दिवशी वकील म्हणाले, त्या यायच्या आत, खोल्या बंद असतानाच दावा दाखल झाला पाहिजे. दावा दाखल झाला. तुम्ही आलात तेव्हा मी पुसलेल्या दारावर नोटीस चिकटवलेली होती.

साक्षीला मी उभा राहिलो तोवर तीन वर्षं गेली होती. वकिलांनी मला निवडलं, कारण मला तारखा पाठ असतात. कुलूप कोणत्या दिवशी लागलं, मीटर वाचायला माणूस कधी आला, सगळं मी न अडखळता सांगितलं आणि ते सगळं खरं होतं. मग तुमच्या वकिलांनी उलट विचारलं, "बाई बहिणीच्या आजारपणासाठी रोह्याला जात आहेत, हे त्यांनी जाताना तुम्हाला सांगितलं होतं." मला उत्तर शिकवून ठेवलेलं होतं. मी म्हटलं, "हे म्हणणं खरं नाही." टंकलेखकाने ते घेतलं. तुमच्याकडे बहिणीच्या दवाखान्यातल्या दोन दिवसांचा कागद होता, बाकीचं सगळं घरीच, तेल चोळून, भरवून झालेलं. बहिणीला कोर्टाची पायरी चढता येत नव्हती. दोन दिवसांच्या कागदाने सात महिने झाकले जात नाहीत, असं निकालात आलं, आणि माझी साक्ष तपशीलवार आणि विश्वसनीय आहे, असंही. साक्ष संपल्यावर कोर्टाच्या व्हरांड्यात मी तुम्हाला चुकवून जात होतो. तुम्ही मला थांबवलंत. मला वाटलं, आता बोलाल. तुम्ही म्हणालात, "नंबर वाढलाय का रे तुझा? डोळे बारीक करून बघत होतास. तपासून घे." एवढंच. अपिलात तुम्ही गेला नाहीत.

त्या खोल्यांत दोन वर्षं गणपती सुकले. मग अण्णा गेले, मोठ्या कारखान्यांच्या भावापुढे आमचं काम टिकलं नाही, आणि दादाने घर बांधकामाला दिलं. आता तिथे खाली दुकानं आहेत आणि वर दादाचा फ्लॅट. मी धाटावच्या कंपनीत ठेकेदाराकडे पॅकिंगला लागलो. तुमची बहीण वारली आणि बाहेरगावी असलेल्या भाच्याने तुम्हाला जागा नाही म्हटलं, हे मला धाटावच्या बसमध्ये एका निडीच्या माणसाकडून कळलं. तुम्ही त्याच्याच गावात राहत होतात. मी निडीला उतरलो तो तुम्ही वारल्यावर तीन महिन्यांनी. स्टेशनापासून जवळच, पडवीला पत्रा ठोकून केलेली खोली. घरमालक म्हातारा म्हणाला, "बाई लय शिस्तीच्या. दर अकरा महिन्यांनी सगळं सामान आपणच अंगणात काढायच्या, झाडायच्या, पुन्हा आत न्यायच्या. मी बोललो, बाई, मी कुठं सांगितलं? तर म्हणायच्या, नाय हो, तुम्हाला नंतर त्रास नको." त्याने विचारलं, "तुम्ही कोण त्यांचे?" मी म्हटलं, "विद्यार्थी." त्याने चहा ठेवला. मी तो पिऊन आलो.

त्यालाही नऊ वर्षं होत आली. बायकोला मी यातलं काही सांगितलेलं नाही. तिला वाटतं, मी सामान बांधताना एवढा घाबरतो तो वस्तू फुटतील म्हणून. निडीच्या पत्त्यावर हे टाकलं तर त्या म्हाताऱ्याला कोणाकडून तरी वाचून घ्यावं लागेल, म्हणून पाठवणार नाही. करारांच्या फायलीत ठेवीन. मला भीती होती, घराची गरज होती, अण्णांचा दरारा होता, असं पुष्कळ लिहिता येईल आणि त्यात खोटं काही नसेल. पण एक गोष्ट उरते. ताबा मिळाला त्या दिवशी कोर्टाचा बेलीफ गेला, अण्णा पेढे आणायला बाजारात गेले, आणि मी तुमच्या रिकाम्या खोलीत एकटाच होतो. बाहेर पाऊस होता, आत एक थेंब नव्हता. मी फरशीवर आडवा झालो. मला वाटलं होतं, रडू येईल. पण मी झोपलो, बाई. आईने दिवेलागणीला हाक मारेपर्यंत. इतकी चांगली झोप मला त्याआधी कधी लागली नव्हती.