गिरणीचा पट्टा

अण्णा, आज दुपारी घरात कुणी नाही म्हणून लिहायला बसले आहे. तुमच्या नातीच्या गेल्या वर्षीच्या वहीत बरीच कोरी पानं उरली होती, ती मी टाचून ठेवली होती, त्यांवरच लिहिते. तुम्ही गेलात तेव्हा ती जन्मलीही नव्हती. आता बारावीला आहे, अजून अठराची झालेली नाही. गेल्या आठवड्यात तिला घेऊन मी परभणीला जाऊन आले. तिनं जे डोळ्यांनी पाहिलं ते मॅजिस्ट्रेटपुढं सांगायला. तिथं तुमचा विषय निघाला. मीच काढला. हे तुम्हांला दुसरं कोण सांगणार, म्हणून मीच सांगते.

दसरा आठवतो का? पोलीस लाईनीतल्या आपल्या दोन खोल्या, धुतलेली फरशी, आणि पाटावर मांडलेल्या तुमच्या वस्तू. काठी, टोपी, शिट्टी, पितळी बक्कलचा कमरेचा बेल्ट. हळदकुंकू लावायचं काम माझं. त्यातच एक काळा, जाड, हातभर लांबीचा रबरी पट्टा असायचा. एका टोकाला लाकडी मूठ ठोकलेली, मुठीवर सुतळी गुंडाळलेली. त्याच्या कडेनं दोरे बाहेर आलेले असायचे. पूजेत बरं दिसत नाही म्हणून मी आईच्या कात्रीनं ते कापायची, तेलाचं बोट फिरवायची आणि मग कुंकू लावायची. एकदा मी विचारलं, "अण्णा, हे काय हाय?" तुम्ही दाढी करत होतात. आरशातूनच म्हणालात, "गिरणीचा पट्टा." मी म्हणाले, "आपल्याकडं कुठाय गिरणी?" तर आई आतून म्हणते, "ही पोरगी वकील व्हायलीय का काय? नैवेद्य दाखव आधी." तुम्ही हसलात, गालावरचा साबण ओठावर आला. वर्षभर तो पट्टा ज्वारीच्या कोठीमागं पडून असायचा, लागेल तेव्हा तुम्ही पिशवीत घालून न्यायचात. ठाण्यातच का ठेवत नव्हतात, हे मला लय उशिरा कळलं. साहेब लोक तपासणीला आले तर तसली वस्तू ठाण्यात सापडायला नको.

नातीच्या वर्गात एक मुलगा होता, पारध्याचा. गावाबाहेर खदानीपलीकडं त्यांची वस्ती आहे. त्या वस्तीतून बारावीपर्यंत पोचलेला तो पहिलाच. वह्यांची देवाणघेवाण करायला आमच्या दारापर्यंत यायचा, ओट्याच्या पायरीवर बसायचा. मी चहा द्यायची, पण आत ये म्हणायची नाही, आणि तोही उंबऱ्याच्या आत कधी आला नाही. एकदा कप परत देताना म्हणतो, "काकू, तुमच्याकडं साखर रेशनवर मिळती का काय?" पोरगी एवढी हसली की मलाही हसू आवरलं नाही. पुढच्या वेळी मी चमचाभर जास्त घातली, तर तो म्हणाला, "आज सण हाय का काकू?"

आठवडी बाजारात कुणीतरी एका बाईचं मंगळसूत्र तोडून पळालं. पोलीस सरळ पारधी वस्तीकडं निघाले. वाटेत हा कॉलेजातून सायकलवर घरी चाललेला. थांबवलं, आडनाव विचारलं आणि गाडीत घातलं. चोरी झाली तेव्हा तो प्रयोगशाळेत आमच्या पोरीच्याच टेबलावर होता. तिला हे कळलं तशी ती तडक बसस्टँडजवळच्या पोलीस चौकीवर गेली, एवढंच सांगायला. दारातला शिपाई म्हणाला, "कोण लागतो तुझा?" ती म्हणाली, "वर्गातला हाय." "वर्गातला का अजून काय?" असं म्हणून तो हसला आणि तिला हाकलून दिलं. ती मागच्या बाजूनं गेली. तिथं रसवंतीला लागून चौकीची भिंत आहे, भिंतीला जाळीची खिडकी आहे. तिथून तिनं पाहिलं.

ती घरी आली तेव्हा मी कणीक मळत होते. दाराला टेकून उभी राहिली आणि पाणी मागितलं, पण प्यायली नाही. म्हणाली, "आई, दोघांनी त्याचे पाय धरलते. एकाच्या हातात काळं जाड काहीतरी होतं. गिरणीत असतंय ना, तसलं. कडंनं दोरे लोंबायलते." माझे हात परातीतच थांबले. अण्णा, तुमच्या त्या वस्तूची गोष्ट मी या घरात कधी काढलेली नाही, ना नवऱ्यापाशी ना पोरीपाशी. दोरे असतात हे ज्यानं पाहिलंय त्यालाच माहीत असणार. त्यानंतर सगळे म्हणत राहिले, पोरीला नीट दिसलं नसेल, घाबरली असेल. मला मात्र तिथंच, परातीपुढं, कळलं होतं की तिला नीट दिसलं आहे.

त्याला सोडलं ते दोन माणसांनी धरून न्यावं लागलं असं. दवाखान्यात गेला आणि तिथंच संपला. पळताना खदानीत पडला, असं कागदावर आलं. मंगळसूत्राचं पुढं काय झालं, कुणी नावही काढलं नाही. त्याच्या आईनं परभणीला तक्रार केली, मॅजिस्ट्रेटची चौकशी लागली आणि साक्षीला आमच्या पोरीला बोलावणं आलं. पोरगी जेवायला बसायची आणि ताटाकडं बघत राहायची. पायरीवर तो बसायचा त्या जागी चपला काढून ठेवल्या तर उचलून दुसरीकडं ठेवायची.

मग एक दिवस दुपारी ते आले. तुमच्या हाताखाली नवा भरती झालेला, आईच्या हातच्या भाकरीवर ठेचा पसरून खाणारा तो पोरगा आता फौजदार आहे, रिटायरमेंटला आलेला. ती चौकी त्यांच्याच ताब्यात आहे. हातात केळ्यांची फणी. "ताई, वळखलं का?" मी म्हणाले, "वळखलं की, बसा." म्हणाले, "मला टकल्या म्हणायच्या तुमी. भरतीत डोकं भादरलेलं होतं ना." मी हसले. खरंच हसले. चहा ठेवला. चहा पिता पिता म्हणतात, "पोरगी हुशार हाय म्हणं. डॉक्टर करायचं असंल." मी म्हणाले, "बघू." "वयात आलेली पोरगी चौकीच्या मागं खिडक्यांत डोकावत फिरती, हे चारचौघांत निघालं तर बरं न्हाई दिसणार ताई."

"ती खोटं बोलत न्हाई," मी म्हणाले.

"खोटं कुठं म्हणलो? चुकून बघितलं म्हणलो. आत अंधार असतोय."

पोरगी आतल्या खोलीच्या दारात येऊन उभी राहिली होती. म्हणाली, "अंधार न्हवता काका. ट्यूब चालू होती. तुमी खुर्चीवर बसून बूट काढून पाय चोळायलते."

त्यांनी कप खाली फरशीवर ठेवला. तिच्याकडं पाहिलंच नाही, माझ्याकडं पाहिलं. "ताई, पारध्याची जात हाय. आज रडतील, उद्या तुमच्याच दाराची कडी काढतील. त्यांच्यापायी अण्णांचं नाव घालवणार का?"

"अण्णांचं नाव कुठून आलं यात?"

"अण्णा असते तर एका शब्दात मिटवलं असतं."

"कसं मिटवलं असतं?"

ते उठले होते, टोपी हातात घेतली होती. तोंडावर हसू होतं, पण चेष्टेचं नव्हे. "जसं मिटवायचे तसंच. आमाला शिकवलं कुणी, ताई?" हे ते किती आदरानं म्हणाले म्हणून सांगू. ते गेल्यावर मी ती केळी दारात आलेल्या गाईला घातली. पोळीचा शिळा कोपरासुद्धा टाकत नाही मी, तुम्हांला माहीत आहे.

पोरगी अल्पवयीन म्हणून जबाबाला आई किंवा बाप सोबत लागतो. ह्यांचं वह्यापुस्तकांचं दुकान चौकीच्या समोरच आहे. हे म्हणाले, "उद्या दुकानापुढं त्यांनी गाडी आडवी लावली तर मला ती हलीव म्हणता येणार न्हाई. मी यायचो न्हाई. अन् तू गेलीस तर मला सांगून जाऊ नको." यात त्यांनी दार लावलं की कडी काढून ठेवली, अजून मला उमगलेलं नाही. त्या शनिवारी उपास होता, नरसिंहाच्या तसबिरीपुढं मी दिवा लावून बसले. पोखर्णीच्या नरसिंहाच्या देवळात गाभाऱ्याबाहेर मला मांडीवर घेऊन तुम्हीच ती गोष्ट सांगायचात, खांबातून देव कसा बाहेर आला ती. एका पोरासाठी आला, आणि त्या पोराला छळणारा त्याचा बापच होता. लहानपणी मला देवाच्या नखांची भीती वाटायची. या वेळी बापाचाच विचार डोक्यात बसला. सोमवारी मी ह्यांचा डबा भरला, पोरीची वेणी घातली आणि दोघी बसमध्ये बसलो.

परभणीच्या त्या कचेरीच्या आवारात लिंबाखाली त्याची आई बसली होती. तिनं पोरीला जवळ ओढलं, हनुवटीला हात लावला. "पोरी, काय म्हणायलतं माझं लेकरू?" मला वाटलं ही आता रडेल, सांगू शकणार नाही. पण ती त्या बाईच्या डोळ्यांत बघून म्हणाली, "मी वर्गात होतो सर, एवढंच म्हणायलता मावशी. सर, सर म्हणायलता." "सर म्हणायलता?" त्या माउलीनं पदर तोंडात धरला. मग म्हणाली, "शाळेत शिकलेला ना."

मॅजिस्ट्रेट बाई होत्या, वयानं माझ्याहून लहान. पोरगी सगळं सांगत गेली, एक माणूस टाइप करत गेला. बाईंनी विचारलं, "दोरे लोंबत होते हे खिडकीतून एवढं स्पष्ट दिसलं?" "दिसलं." "मूठ कसली होती?" "मूठ हातात होती मॅडम, दिसली न्हाई." टाइप करणारा थांबला. त्यानं चष्म्यावरून तिच्याकडं पाहिलं, त्यात विश्वास नव्हता. पोरीचं तोंड उतरलं. मी उठून उभी राहिले. म्हणाले, "मॅडम, मूठ लाकडाची असती. वरून सुतळी. दोरे कितीबी कापले तरी परत निघतेत."

"तुम्ही तिथं होतात?"

"न्हवते. माझे वडील पोलिसात हवालदार होते, आताचे फौजदार तवा त्यांच्याच हाताखाली होते. आमच्या घरी तसलाच होता. दसऱ्याला मी त्याला कुंकू लावायची."

बाईंनी पेन खाली ठेवलं. म्हणाल्या, "हे तुमच्या नावानं जबाबात घेऊ का?" मी म्हणाले, घ्या. "आणि तो वापरताना तुम्ही कधी पाहिलंय? वडिलांना किंवा आता या चौकीवर जे अधिकारी आहेत त्यांना?"

मी म्हणाले, "न्हाई."

"नक्की?"

"लहान होते मी."

तेवढंच टाइप झालं. मी एकेक ओळ वाचून सही केली. निघताना बाई म्हणाल्या, चौकशी अजून चालू आहे, काही आठवलं तर परत या. बसमध्ये पोरीनं माझ्या खांद्यावर डोकं टेकलं. म्हणाली, "आई, तू उठलीस ना, तवा मला वाटलं आता मी एकटी न्हाई." मी पिशवीतून शेंगदाणे काढून तिच्या हातावर ठेवले आणि खिडकीबाहेर बघत राहिले.

अण्णा, तो दिवस तुम्हांलाही आठवत असेल. शाळा लवकर सुटली होती, आईनं तुमचा डबा माझ्या हाती दिला. ठाण्यात पुढं कुणी नव्हतं. मागून आवाज येतो आहे, मला वाटतं जनावर ओरडतंय. मी मागं जाते. खोलीचं दार अर्धं उघडं आहे. खाली एक माणूस पालथा पडलेला, अंगात नुसती लंगोटी. टकल्या त्याच्या पायांवर बसला आहे. तुमचा हात वर गेलेला आहे. तुम्ही मला बघता. बाहेर येता, डबा घेता, हातरुमालानं माझं नाक पुसता, खिशातून गोळ्यांना पैसे काढून देता. "डबा पुढं ठेवायचा. मागं यायचं न्हाई." एवढंच. आवाज चढवलाही नाहीत. मी गोळ्या घेतल्या, लाईनीतल्या पोरींना वाटल्या. त्यानंतरच्या दसऱ्याला पट्टा पाटावर आला तेव्हा मी काही विचारलं नाही, कात्री आणली.

मला आठवायचं काही उरलेलंच नाही, कारण मी काही विसरले नव्हते. त्या खुर्चीत मी पोरीला खरं सांगायला बसवलं आणि शेजारी उभी राहून स्वतः न्हाई म्हणाले. आणि ते फौजदारांना वाचवायला म्हणाले नाही. तुम्हांला वाचवायला म्हणाले. जाऊन इतकी वर्षं झालेल्या माणसाला.

आता ती कॉलेजातून येईलच. हे तिला सांगितल्यावर पुन्हा परभणीची बस धरावी लागणार, आणि बसमध्ये तिनं ज्या आईच्या खांद्यावर डोकं टेकलं ती आई मी उरणार नाही. सांगणार आहे मी. पण तिच्यापुढं तोंड उघडण्याआधी एकदा कुणाला तरी सांगून बघायचं होतं, आणि इतकी माणसं असून मला तुमच्याशिवाय कुणी सुचलं नाही.