गुळाच्या पाकाचं रक्त

९ नोव्हेंबर

बसवेशला सिनेमात घेतलं! माझा धाकटा भाऊ — आणि सिनेमा! नव्या पेठेतला मोबाईलवाला आरिफ फोनवरच रक्तपाताचे सिनेमे काढतो. त्याला हात तुटलेला माणूस हवा होता. "हात आधीच न्हाय, म्हंजे खर्च वाचला की!" असं म्हणून बसवेश स्वतःच हसला. मला नाही हसू आलं.

१० नोव्हेंबर

आरिफला विचारलं, असलं कोण बघतं? त्यानं तीस वर्षांपूर्वीचा एक भुक्कड सिनेमा लावला. मुंडकं उडतं आणि त्याला बांधलेला दोरा चक्क दिसतो! तरी लाखो लोक अजून बघतात म्हणे. "दोरा दिखता ना अक्का, इसके वास्तेच लोगां मजे से देखते." पटलं मला. खोटं आहे हे ठाऊक असलं की माणूस डोळे उघडे ठेवतो. खरं घडलं तेव्हा मी मिटून घेतले होते.

१२ नोव्हेंबर

गुळाचा पाक, खायचा लाल रंग. सिनेमाचं रक्त माझ्याच पातेल्यात शिजलं. ओट्यावर मुंग्याच मुंग्या!

१५ नोव्हेंबर

आज लिहूनच टाकते. आठ वर्षांपूर्वी, गावी मैंदर्गीला. कडबाकुट्टीत कडबा अडकला होता. यंत्र बंद होतं, बसवेश हातानं कडबा ओढत होता. मला वाटलं, हात काढला त्यानं. मी बटण दाबलं.

गेलेली लाईट अचानक आली आणि यंत्र आपोआप सुरू झालं, असं सगळे म्हणाले. मीही तेच म्हणाले. आजवर तेच म्हणते. त्याला सांगायला हवं — पण भीती वाटते. आई-आप्पा गेल्यावर मला तोच एक आहे. तोही तुटला तर?

२० नोव्हेंबर

आरिफनं त्याच्या दुकानामागच्या भिंतीवर सिनेमा दाखवला. बसवेशचा खोटा हात उडाला — शिट्ट्या! "परत दाव! परत दाव!" तेवढाच तुकडा चारदा दाखवला. बसवेश हसता हसता डोळे पुसत होता. "अक्का, आठ वर्सात पयल्यांदाच माज्या हाताकडं बघून कोन अरेरे म्हनलं न्हाय."

मी उठून बाहेर गेले. लाज वाटली स्वतःची. किती दिवस लपवायचं? रविवारी सांगणार म्हणजे सांगणार.

२४ नोव्हेंबर

सांगितलं. तो शेंगदाणे खात होता, खातच राहिला. मग म्हणाला, "लाईट गेलीच नव्हती की, अक्का. आप्पा पळत आले तवा 'लाईट आली' म्हनून पयलं मीच वरडलो."