कानीगूजचा अक्रोड, नातीच्या नावे

लिहून ठेवतो मी, रामनाथ धर्मा तरे, वय सत्तर, निवृत्त डोझर ऑपरेटर, राहणार कशेळी, तालुका भिवंडी. डोकं ठिकाणावर आहे. डॉक्टरांचा दाखला सोबत जोडलाय, कारण थोरला धनेश 'बाबांना वेड लागलं' असं गावभर सांगत फिरतोय. माझ्यावर दबाव कोणाचाही नाही. आनंद मात्र पोटात मावत नाही, ते लपवत नाही.

कलम एक. घराचा तळमजला धनेशला, वरचा मजला धाकट्या भाविकला. भाविकने माझं डोझरवरचं हेल्मेट मला न विचारता भंगारात घातलं, म्हणून माझा रेडिओ त्याला मिळणार नाही.

कलम दोन. बँकेतली ठेव मुलगी मृणालीला. रेडिओही तिलाच.

कलम तीन. याच्यासाठीच तर एवढा खटाटोप! इराकच्या उत्तरेला, डोंगरात, कानीगूज नावाचं गाव आहे. त्र्याऐंशी साली मी तिथे रस्त्याच्या कामावर गेलो. वरच्या आळीत असिरियन ख्रिस्ती, खालच्या आळीत कुर्द मुसलमान, झरा दोघांत एकच. रिवाज असा की आपला अक्रोड आपण काठीने झोडून पाडायचा नाही. वरच्यांची झाडं खालच्यांनी झोडायची, खालच्यांची वरच्यांनी, म्हणजे कोणाला गुपचूप लाटता येत नाही. पण झऱ्याजवळचं एक झाड नेमकं मधोमध. वरचा योनान म्हणे आमचं, खालचा रसूल म्हणे आमचं. काठ्या निघाल्या. शेवटी योनानची बायको शमिरान ओरडली, "त्या हिंदुस्थानीला द्या! तो ना वरचा, ना खालचा."

आणि दिलं की हो! दोन्ही आळ्यांनी मिळून झोडलं, मी मालक म्हणून खाटेवर बसून चहा प्यालो. लग्नात नवरदेव होतो तेव्हाही एवढा थाट नव्हता.

अठ्ठ्याऐंशीत इराकी लष्कराने ते गाव जाळून पाडलं. रसूलला ट्रकमध्ये घालून नेलं, तो परत आला नाही. योनान परदेशात वारला. हे सगळं मला गेल्या महिन्यात कळलं, जेव्हा रसूलचा मुलगा हिवा आणि योनानची मुलगी नाहरीन यांनी माझा नंबर शोधून व्हिडिओ कॉल केला. लोक परतलेत. जळक्या खोडातून माझं झाड फुटलंय, अक्रोडांनी लगडलंय! आणि फोनवरच दोघं कचाकचा भांडायला लागली, झाड कोणाचं म्हणून. अहो, मी ढसाढसा रडलो. भांडायला माणसं उरली आहेत!

मग हिवा म्हणाला, मालकाला वारस नसेल तर भांडण मिटवायला गाव झाडच तोडणार, कुऱ्हाडसुद्धा आणून ठेवलीय. लगेच धनेशला विचारलं, झाड घेतोस का. "बाबा, शेलारच्या गोडाऊनमधलं काम सोडून इराकला कोण जातंय?" भाविक नुसता हसला. म्हणून ते झाड मी मृणालीची मुलगी पूर्वी हिला देतो. तिने कोणाचीही बाजू घेऊ नये, एवढीच अट.

काल हा मसुदा फोनवर त्या दोघांना ऐकवला. मी मराठीत वाचत होतो, पूर्वी ते त्यांना इंग्रजीत सांगत होती. हिवाने मधेच काहीतरी विचारलं.

"काय म्हणतो गं?"

"विचारतोय, पोरगी आमच्यापुढे टिकेल का."

मी तोंड उघडायच्या आत तीच त्याच्याशी तडातडा बोलली. पलीकडे नाहरीन खदखदून हसली.

"काय सांगितलंस?"

"सांगितलं, मालकीण आता मी हाय. पहिली ती कुऱ्हाड आत ठेव."

वरील सर्व मजकूर मीच लिहिला, मीच दोनदा वाचला आणि खुशीने सही करतो.

सही: रामनाथ धर्मा तरे

आमच्यासमोर सही झाली:
१. दाजी विठू भोईर, शेजारी
२. ठकुबाई चंद्रकांत केणे (अंगठा)

कशेळी, १२ ऑगस्ट २०२५