चारही रकान्यांत स्पॅनिश

१२ ऑगस्ट, दुपारी

आज नातीचं, आमच्या यारेत्सीचं, नाव नव्या शाळेत घातलं. मी! एकटीने! दुसरीतून शाळा सुटलेली ही एर्लिंदा, आणि सहा पानी फॉर्म भरून आले. फॉर्म स्पॅनिशमध्येच मिळाला, शाळा चांगली दिसते.

लेकीला, मारिक्रूसला, सुट्टी नाही. तिकडे उत्तरेत याकिमाचं सफरचंदांचं काम सोडून आम्ही इकडे फ्रेस्नोजवळ पीच पेट्यांत भरायच्या शेडवर आलो, तेव्हापासून तिला मान वर करायला फुरसत नाही. बिचारीने खाली सही करून ठेवली होती. बाकीचं आई तूच बघ म्हणाली. बघितलं की मी.

शेवटच्या पानावर चार प्रश्न होते. मुलगी आधी कोणती भाषा बोलायला शिकली, घरी कोणती बोलते, तुम्ही तिच्याशी कोणती बोलता, घरातली मोठी माणसं कोणती बोलतात. इतकं सोपं कुणी विचारतं का! चारही रकान्यांत 'स्पॅनिश' लिहिलं, शेवटच्याखाली रेघसुद्धा मारली. यारे शेजारी फोनमध्ये डोकं घालून बसली होती. मध्येच म्हणाली, आजी, इंग्लिश लिहून टाक ना, सगळे तेच लिहितात. म्हटलं, लबाडी कशाला करायची गं? तुझ्या तोंडचा पहिला शब्द 'आग्वा'. पाणी मागितलंस, मीच पाजलंय. आता ती मला उत्तरं इंग्रजीत देते हे खरं, पण ते आपलं वेळ वाचावा म्हणून. मनातून पोर स्पॅनिशच आहे.

२ सप्टेंबर

यारेला निवडलं! भर वर्गातून नाव पुकारून तिला खास परीक्षेला नेलं. फक्त चौघांना. तिघं आपल्यातले आणि एक घरी ह्मोंग भाषा बोलणारी मुलगी. एका बाईने चित्रं दाखवली आणि विचारलं, हा मुलगा काय करतोय, ही पेन्सिल कुठे आहे. यारे म्हणाली, आजी, मी सहावीत आहे, मी याच देशात जन्मले, आणि मला पेन्सिल विचारतात! रागाने ती एक अक्षर बोलली नाही म्हणे. मला बरंच वाटलं. हुशार माणसं कमीच बोलतात. माझे वडील असेच होते, आठवडाभर गप्प आणि रविवारी चर्चपुढे क्लॅरिनेट वाजवायला उभे राहिले की अख्खं गाव थांबायचं. यारेकडे क्लॅरिनेट तिकडूनच आलंय. याकिमात दोन वर्षं शाळेच्या बँडमध्ये होती, पहिल्या रांगेत.

१५ सप्टेंबर

पत्र आलं. खास वर्ग मिळाला. रोज चौथ्या तासाला, जेवणाच्या हॉलमागे वेगळी खोली आहे. वेगळी खोली!

बँडही फक्त चौथ्या तासालाच असतो. तो आता नाही.

यारेने दार आपटलं. बाहेर येऊन म्हणाली, तो ढ मुलांचा वर्ग आहे, इंग्लिश न येणाऱ्यांचा. मैत्रिणी होत होत्या, त्या सगळ्या बँडमध्ये आहेत. आजी, तू लिहिलंस हे, तूच! भांडली मात्र स्पॅनिशमध्ये, हे मी बरोबर टिपलं. क्रियापदं कशी खणखणीत.

तरी पोरीचा बँड गेला ही गोष्ट काही चांगली झाली नाही. रात्रभर नव्हे, पण अर्धा तास विचार केला. घरातली मोठी माणसं कोणती भाषा बोलतात, हा चौथा रकाना माझा. मी इंग्रजी बोलायला लागले की तो रकाना आपोआप बदलेल. रोज दहा शब्द. नाताळपर्यंत भाषा संपते.

१६ सप्टेंबर. दहा शब्द.

१७ सप्टेंबर. चार.

२० सप्टेंबर. राजमा निवडायचा होता.

३० सप्टेंबर

आज शाळेत जाऊन खास वर्गाच्या बाईंना, मिस प्रुइटना, भेटले. दोन डझन तमाले घेऊन गेले, मक्याच्या पिठात डुकराचं मांस भरून उकडलेले, लाल मिरचीतले. यारे नको नको म्हणत होती, पण दुभाषी दुसरी कोण होणार?

मी दहा मिनिटं बोलले. म्हटलं, बाई, चूक माझी आहे, पोरीची नाही. वडिलांचं क्लॅरिनेट सांगितलं, गाव सांगितलं. पोर पाच वर्षांची असताना दवाखान्यात माझ्यासाठी डॉक्टरांशी बोलायची, हेही सांगितलं. माझे डोळे जरा भरून आले. मग यारेने ते सगळं इंग्रजीत सांगितलं, तीन-चार शब्दांत. इंग्रजी फारच आटोपशीर भाषा आहे, उगाच घाबरत होते मी. मिस प्रुइट हसून थँक्यू म्हणाल्या. बँडचं काहीच बोलल्या नाहीत. विचार करत असणार.

बाहेर येताना क्लॅरिनेटच्या पेट्या घेतलेल्या दोन मुली समोरून आल्या. मला नीट चालता यावं म्हणून यारे माझ्यापासून चार पावलं बाजूला झाली. एकीने माझ्याकडे बोट करून तिला काहीतरी विचारलं, तिने मान हलवून नाही म्हटलं.

शेजारच्या चेलोला सगळं सांगितलं. ती इथे तीस वर्षं राहतेय, तिला फार कळतं असं तिला वाटतं. म्हणाली, अगं एर्लिंदा, तुझ्या हाताला दोन मिनिटं धीर असता तर पोरगी आज बाजा वाजवत असती. माझ्या चौघा पोरांच्या वेळी मी डोळे मिटून इंग्लिश लिहिलं. म्हटलं, म्हणूनच तुझी नातवंडं तुला भिंत समजून बोलत नाहीत. आता तिच्याशी अबोला. उरलेले तमाले मात्र नेले तिने.

२१ ऑक्टोबर

स्वयंपाकघरात मायलेकी इंग्रजीत बोलत होत्या. मी टॉर्टिया भाजत होते. माझं नाव तीनदा आलं. माझ्यासाठी किती धडपडतात दोघी!

नंतर कळलं. शाळेच्या ऑफिसने सांगितलंय, फॉर्म चुकून भरला असेल तर तसं लिहून द्या, आम्ही बघतो. यारेने स्वतः पत्र लिहिलं, एक पान. मारिक्रूसने सही केली आणि फॉर्म मी भरला होता म्हणून माझीही. मी पूर्ण नाव घातलं, आईच्या आडनावासकट. मारिक्रूस म्हणाली, आई, वाईट वाटून घेऊ नकोस, हे नुसतं कागदावर आहे. म्हटलं, वाईट कशाचं? सही बघ की कशी आली आहे.

२३ ऑक्टोबर

चेलोशी बोलायला लागले, कारण पत्राची प्रत वाचून घ्यायची होती. तिने चष्मा लावून वाचलं, मग काढून पुसला. म्हणाली, यात लिहिलंय की तू दोन महिन्यांची पाहुणी होतीस. भाषा नीट न कळल्यामुळे फॉर्म चुकला. तू याच आठवड्यात याकिमाला परत जातेस आणि या घरात फक्त इंग्लिश बोलतात.

म्हटलं, पत्र म्हटलं की थोडं सजवावं लागतं. आणि याकिमा मला आवडतंच.

चेलो पहिल्यांदाच काही टोमणा न मारता उठून गेली. तब्येत बरी नसावी.

३ नोव्हेंबर

नवे नियम. घरचा फोन वाजला तर मी उचलायचा नाही, शाळेचा असू शकतो. तीन वाजता गेटवर जायचं नाही. मी आता रस्त्यापलीकडे लाँड्रीत बसते. तिथे खुर्ची आहे आणि काचेतून पोर जास्त स्पष्ट दिसते. ती पुढे चालते, मी कोपऱ्यापर्यंत मागून. व्यायाम होतो.

१४ नोव्हेंबर

मिळाला! बँड मिळाला! सोमवारपासून चौथ्या तासाला. सही कुणाची होती?

यारेने आईला उचललंच. मग माझ्याकडे आली, थांबली, माझ्या खांद्याला हात लावून खोलीत गेली. आता सराव राहावा म्हणून ती घरात फक्त इंग्रजीच बोलते. मारिक्रूससुद्धा. काल मीठ जास्त झालं म्हणून यारे चिडली, तेही इंग्रजीत. जेवताना मी दोघींच्या तोंडाकडे बघत बसते, कानाला चांगलं वळण लागतंय. माझे एकूण एकतीस शब्द झाले. त्यातल्या अकरा भाज्या आहेत.

१२ डिसेंबर, संध्याकाळी साडेसहा

शाळेत नाताळचा बँड आहे. मारिक्रूस गेली. मी याकिमात असल्यामुळे जाता येत नाही.

निळा ड्रेस मात्र घातला. घातला तर काय बिघडलं? कोचावर बसले आहे. बरोबर सहाला सुरू झालं असेल. वडील वाजवायच्या आधी जीभ ओठांवरून फिरवायचे, तसं यारेही करते. आज कुणी तरी ते बघितलं असेल.

१३ डिसेंबर, सकाळी

आज फार आनंदाचा दिवस. यारे आपण होऊन माझ्याजवळ येऊन बसली. किती दिवसांनी! आणि बोलली, पंधरा मिनिटं तरी. सगळं इंग्रजीत, भरभर, माझ्या मांडीवर हात ठेवून. कालच्या बँडची गंमत सांगत असणार. मध्ये तीन-चारदा सॉरी आलं, ते मला येतं. काही सांडलंय का म्हणून मी खाली बघितलं, फरशी कोरडी होती. म्हटलं, असू दे, असू दे, आणि हसले. मग ती ज्या ज्या वेळी थांबली त्या त्या वेळी हसले, म्हणजे तिला वाटावं की आजीला सगळं समजतंय.

 शेवटी ती माझ्याकडे बघत राहिली. डोळे लाल होते, सर्दी झाली असेल.

म्हटलं, राजा, परत सांग ना, जरा सावकाश.

तर स्पॅनिशमध्ये म्हणाली, काही नाही, आजी.

उच्चार अजून किती स्वच्छ आहेत तिचे.