आधीचं तोंड

३ जून
मंद्रूपच्या घराला कुलूप घालून सोलापुरात एकनाथकडं राहायला आले. लेकाचा नवा फ्लॅट, लिफ्ट, गॅलरीत गार वारा. जिवाला बरं वाटलं. सून प्रेमलानं भाकरी, शेंगाचटणी वाढली. चटणीत लसूण दिसेना, तसं बोलले. तिनं नाक मुरडलं. माझी जीभ अशीच. चौथीपर्यंतच्या शाळेनंही ती सुधारली नाही. नात उर्वी जुन्या बाहुल्यांचे व्हिडिओ करते. भंगारातली काळवंडलेली बाहुली आणायची, थिनरनं तोंड पुसायचं, नवे डोळे, नवे ओठ रंगवायचे. बघत बसलं की जेवणाचं भान राहत नाही. खरं सांगते, लई आवडलं.

६ जून
बघणाऱ्यांनी उर्वीला लिहिलंय म्हणे, आजीसारखी बाहुली कर. तिनं एकीवर माझ्या सुरकुत्या काढल्या, हनुवटीवरचं गोंदण काढलं. हुबेहूब मीच! मग कॅमेऱ्यासमोर थिनरचा बोळा फिरवला. मी म्हटलं, कार्टे, गोंदण मेल्यावर सोबत येतं, त्याला हात लावू नको. हसली. म्हणे, बाहुलीचंच आहे की, आजी.

७ जून
सकाळी आरशात बघितलं. हनुवटी कोरी. सुरकुत्या निम्म्या. एकनाथ म्हणे, हवा मानवली. प्रेमला म्हणे, आत्याबाई, लहान दिसता. दोघांना शिव्या घातल्या. माझं तोंड मला न विचारता धुणारे तुम्ही कोण?

८ जून
बाहुली मागितली. उर्वीनं कपाटात कोंडली. हिसकून फोडावी म्हटलं, पण बाहुलीचं डोकं फुटलं तर माझं— म्हटलं, आणखी पुसशील तर फोन गॅलरीतून खाली भिरकावीन. प्रेमला पोरीला म्हणाली, आधी ओठ रंगवायला घे, तसले व्हिडिओ लई चालतात.

९ जून
ओठ आले. गुलाबी, हसरे. उघडत नाहीत. जीभ आत आपटतेय, शिव्या दाताशी अडकल्यात. प्रेमला म्हणे, घर कसं शांत झालं. एकनाथ खूश. मेल्या, आईकडं नीट बघ की!

१० जून
कागदावर लिहून उर्वीसमोर धरलं— थांबव. तिनं तो कॅमेऱ्याला दाखवला. बघणारे हसले. त्यांनी लिहिलं, आता डोळे मोठे कर.

११ जून
उर्वीनं तिच्या खोलीच्या दाराला आतून कडी घातलीय. पलीकडं ती कॅमेऱ्याशी गोड बोलतेय. थिनरचा वास—

डावा डोळा पांढरा. उजवा—

दिसत नाही. अंदाजानं लिहिते. उर्वे, भवाने, रंगव किती रंगवायचं ते. आत मी तीच आहे. हात चालतोय तोवर तुला शिव्या—